नॅनला घातलेली शाल

ऑक्टोबर उजाडला की इथल्या मराठी मंडळाची ती ई-मेल येते. ‘सस्नेह नमस्कार, सालाबादप्रमाणे याही वर्षी आपले मंडळ दिवाळी मोठ्या उत्साहात साजरी करीत आहे.’ खाली कार्यक्रमपत्रिका. दीपप्रज्वलन, गणेशवंदना, प्रायोजकांचे मनोगत, मान्यवरांचा सत्कार, आणि मग ठळक अक्षरांत ‘धमाल विनोदी प्रहसन’. सोबत गेल्या वर्षीचा फोटो. त्यात कुणीतरी सॉफ्टवेअरवाला नऊवारी नेसून, कमरेवर हात ठेवून उभा. मिशा तशाच. मी लॅपटॉप फाटकन मिटते. नवरा म्हणतो, “अगं, दिवाळीचं बोलावणं आहे, समन्स नाही.” त्याला काय जातंय बोलायला!

हो, येतो मला राग. पाच वर्षं झाली तरी येतो. भेटेल तो सांगतो की दिवस गेले की राग निवतो. माझा नाही निवत. एक तर मी कोल्हापूरची, आणि दुसरं म्हणजे हा राग चांगला आहे. चांगल्या बाईसाठी आलेला आहे. तो मी उगाच का सोडू?

इथं अमेरिकेच्या दक्षिणेत, अल्फारेटात पानगळ नावालाच आहे. पाइनची झाडं जशीच्या तशी हिरवी, आणि ऊन असं की दिवाळीच्या फराळाला पंखा लावून बसावं लागतं. खरी पानगळ मिशिगनमधल्या ॲन आर्बरची, मी शिकायला होते तिथली. सकाळी बसस्टॉपवर उभं राहिलं की बुटाखाली ओल्या पानांचा लगदा, आणि त्याचा तो किंचित आंबूस, किंचित चहाच्या चोथ्यासारखा वास. शनिवारी फुटबॉल. अख्खं गाव एका रंगाचे स्वेटर घालून, भोंगे वाजवत स्टेडियमकडे निघालेलं, आणि मी उलट्या दिशेनं लॅबकडे. माझे नमुने भट्टीत असायचे, त्यांना शनिवार-रविवार कळत नव्हता. संध्याकाळी परत यायचे तेव्हा नॅनच्या स्वयंपाकघरातला दिवा लागलेला असायचा आणि खिडकीच्या काचा वाफेनं पांढऱ्या झालेल्या असायच्या. त्या वर्षीची पानगळ माझ्या अंगात राहिली ती त्या काचांसकट.

नॅन माझी घरमालकीण. पंचाहत्तरी ओलांडलेली, बुटकी, रुंद, आयरिश. तिच्या बहिणीनं मागे ठेवलेल्या लाकडी घरात एकटी राहायची आणि वरची खोली विद्यार्थिनींना द्यायची. मी राहायला गेले त्या दिवशी तिनं विचारलं, चहा घेणार का. मी म्हटलं, नको. तिनं परत विचारलं. मी म्हटलं, नको नको, खरंच नको. तिनं तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा मी म्हटलं, बरं, अगदी अर्धा कप. नॅननं किटली खाली ठेवली आणि टेबलाला धरून हसायला लागली. “पोरी, तू कॉर्कची आहेस का?” आयर्लंडमधल्या तिच्या कॉर्क गावातही असंच, म्हणाली. पहिल्यांदा विचारल्यावर हो म्हणणारा माणूस हावरा. तिसऱ्यांदा न विचारणारा यजमान कद्रू. मी अमेरिकेत येऊन वर्ष होत आलं होतं, आणि या देशात एकदा नको म्हटलं की लोक खुशाल किटली उचलून नेतात. कितीतरी घरांतून मी तशीच घसा कोरडा ठेवून आले होते. त्या दिवशी पोटभर चहा प्याले. मग तिला अहो-जाहो करणं मला कधी सुचलंच नाही. मावशीला कोण अहो म्हणतं?

आणि तिचा चेहरा! तो चेहरा म्हणजे तिच्या हाताखालचा नोकर होता. ती सांगेल तेव्हा हलायचा, सांगेल तेव्हा गप्प बसायचा. नॅन ही रंगभूमीवरची विनोदी नटी. होती म्हणायचं खरं तर, पण ‘होती’ म्हटलं की ती चिडायची. “मी निवृत्त झालेले नाही. मला कुणी बोलावत नाही, एवढंच.”

बटाटे सोलता सोलता ती सगळं सांगायची. बाप कॉर्कमध्ये बेकरीवाला. चौदाव्या वर्षी घरातून निघून ती एका फिरत्या नाटक कंपनीत शिरली. आमच्याकडे जत्रेत तंबू पडायचे तशातलाच प्रकार. आज या गावातला हॉल, उद्या त्या गावातलं धान्याचं कोठार. आधी मोठ्ठं रडकं नाटक, आणि मग लोकांनी हसत घरी जावं म्हणून शेवटी फार्स. नटनट्या मोजक्याच. म्हणून रडक्या नाटकात नॅन क्षयानं मरायची आणि फार्समध्ये मोलकरीण होऊन यायची. “मघाशी जिच्यासाठी रडले तीच बाई ताटल्या घेऊन आलेली बघून लोक मी तोंड उघडायच्या आधीच हसायचे. तिथं शिकले सगळं. पहिला हशा फुकट मिळतो. दुसरा कमवावा लागतो.”

तिची तालीम मी रोज बघत होते, स्वयंपाकघरात. हशा पूर्ण विरू द्यायचा नाही, उतरायला लागला की पुढचं वाक्य टाकायचं. फार लवकर टाकलं तर ऐकू जात नाही, उशीर केला तर प्रेक्षक थंड. आणि स्वतः कधी हसायचं नाही. हे सांगताना ती बटाटे सोलायची सुरी माझ्या नाकासमोर नाचवायची. मी पीएच.डी.साठी धातूंना तडे कसे जातात ते शिकत होते. आमच्या सरांनीसुद्धा इतकं नेमकं कधी शिकवलं नाही.

मग डब्लिन, मोठी थिएटरं, ख्रिसमसचे तमाशे, आणि जिमी. जिमी विनोदी नट, नॅनचा नवरा. पोस्टरवर त्याचं नाव मोठ्या अक्षरांत आणि खाली ‘आणि मंडळी’. नॅन त्या मंडळींत. आमच्याकडे बायकोलाच मंडळी म्हणतात हे मी तिला सांगितलं. तिनं हातातला बटाटा खाली ठेवला. मग म्हणाली, “तुमचे लोक निदान खरं तरी बोलतात.”

आता खरी गोष्ट सांगते, म्हणजे माझं डोकं का फिरतं ते कळेल. नॅनचा बाप वारला तेव्हा त्यांच्या रीतीप्रमाणे त्याला घरात ठेवला होता, आणि शेजारीपाजारी येऊन, चहा पिऊन, त्याचे गुण गाऊन जात होते. नॅनची आई सगळ्यांना चहा ओतत होती. बाप गावभर उधारी करणारा, हात उचलणारा. आणि येणारा जो तो म्हणत होता, काय शांत माणूस, काय दिलदार माणूस. नॅननं आईकडे पाहिलं. आई नुसती मान डोलवत होती, आणि प्रत्येक खोट्यासरशी तिचा किटलीचा हात थोडा वर जात होता. जेवढी थाप मोठी, तेवढी चहाची धार उंच. त्यावरून नॅननं एक एकपात्री लिहिलं. काळ्या कपड्यातली विधवा, एक किटली, आणि न दिसणारे पाहुणे. शेवटी धार इतक्या उंचीवरून पडायची की विधवा खुर्चीवर चढलेली असायची, चेहरा तसाच सभ्य, आणि म्हणत असायची, “हो ना, असा माणूस होणे नाही.”

तिनं ते जिमीला वाचून दाखवलं. जिमी म्हणाला, झकास आहे, पण बाईनं केलं तर लोकांना वाईट वाटेल. विधवा पुरुषानं केली तर हसतील. आणि काळा झगा घालून तोच उभा राहिला. जन्मभर! डब्लिनमध्ये तोच, बोटीनं अमेरिकेत आल्यावर बॉस्टनमध्ये तोच, शिकागो-डेट्रॉइटच्या आयरिश क्लबांतून तोच. नॅन बाजूला ट्रे घेऊन. कप द्यायचे, कप घ्यायचे. त्याच्या नावावर ते नाटुकलं गाजलं. तो गेला तेव्हा डेट्रॉइटच्या एका क्लबानं झग्यातला त्याचा फोटो भिंतीला लावला. नॅनला कुणी विचारलं नाही की बाई, हे लिहिलं कुणी.

मला सांगा, काय म्हणायचं याला? बाई हसवते म्हणजे काय, ती घरात हसवते, चुलीपाशी, नळावर, माजघरात. तिथं तिच्या नकलांवर सगळे गडाबडा लोळतात. स्टेजवर जायची वेळ आली की मात्र तिची साडी मागतात. बाई मागत नाहीत. परवाच इथल्या कमिटीतल्या मुलीचा फोन आला. “ताई, तुम्ही कोल्हापूरच्या, नाटकाचं कळतं तुम्हाला, या ना हेल्प करायला.” मी विचारलं, स्किटमधली सासू कोण करतंय? “अहो, निखिलच करतो. त्याला साडीत बघून पब्लिक वेडं होतं.” आणि तुम्ही बायका काय करता? “आम्ही त्याला साडी नेसवतो ना!” आनंदानं सांगत होती. मी म्हटलं, माझं ओव्हनमध्ये काहीतरी आहे, आणि फोन ठेवला.

तर त्या पानगळीत नॅननं मला एकदा सांगितलं, अगदी साध्या आवाजात, चहाचा कप विसळता विसळता. “मला ते एकदाच करायचंय, सू. माझ्या तोंडानं, माझ्या अंगानं. लोकांसमोर. किती लोक ते चालेल.” मी सुनीता, पण ती सू म्हणायची. तिच्या उजव्या हाताला हल्ली मधूनच मुंग्या यायच्या, हे मला माहीत होतं. डॉक्टरांनी काय सांगितलं ते तिनं मला कळू दिलं नव्हतं. पण तिला घाई होती, आणि ती मला दिसत होती.

मी दातारकाकांना फोन केला. दातारकाका आमच्या मिशिगनच्या मराठी मंडळाचे अध्यक्ष. गाड्यांच्या कंपनीत मोठे इंजिनिअर, मोठं घर, मोठा आवाज. “वा वा! आयरिश आर्टिस्ट! फॉरेनर असली की कसं, प्रोग्रॅमला वजन येतं. दहा मिनिटं देऊ की. विषय काय?” मी सगळं सांगितलं. विधवा, किटली, थापा मारणारे शेजारी. “मस्त मस्त,” काका म्हणाले.

तो सगळा ऑक्टोबर नॅन मराठी शिकली. हो! तिनं मला विचारलं, तुमच्याकडे मयताच्या घरी जाऊन काय बोलतात? मी म्हटलं, देवमाणूस होता म्हणतात. बस्, तिला ते मिळालंच. “देव-माणूस,” ती जिने चढता-उतरता म्हणायची, ‘र’ नसलेल्या शब्दातसुद्धा कॉर्कचा ‘र’ ऐकू येईल अशा थाटात. “घ्या हो. अर्धा कप.” मंडळातल्या बायकांना हसू येईल म्हणून तिनं एक पाहुणी अशी केली की जी ‘आम्ही चहा सोडलाय’ म्हणते आणि कप पुढं करते. ही बाई तिनं कुठं पाहिली असेल? माझी सख्खी आत्याच ती! मी हसून हसून जमिनीवर बसायचे आणि नॅन कोरड्या चेहऱ्यानं सांगायची, “ऊठ. परत करू. तू लवकर हसलीस.”

कार्यक्रम एका शाळेच्या सभागृहात होता. दुपारी तीनची वेळ, म्हणजे चारनंतर सुरू. नॅन मात्र तीनला हजर. काळा पोशाख, चेहऱ्याला रंग, मांडीवर किटली, विंगेतल्या प्लॅस्टिकच्या खुर्चीवर ताठ बसलेली. मागं टेकेना, कपड्याला चुण्या पडतील म्हणून. सामोसा दिला तर घेईना. “पोटात काही असलं की टायमिंग जातं.” मुलांचे नाच झाले. एका घरं विकणाऱ्या प्रायोजकानं घरांविषयी सांगितलं, एका विमावाल्यानं मरणाविषयी. मग मंडळातल्या प्रशांतचं प्रहसन. प्रशांत चांगला मुलगा, पण त्या दिवशी तो साडी नेसून, छातीशी संत्री कोंबून आला आणि सभागृह कोसळलं. पंधरा मिनिटांचं ते संपेचना. एक संत्रं खाली पडलं, तर लोक शिट्ट्या मारायला लागले. मग त्यानं दुसरंही पाडलं. नॅन विंगेतून धंदेवाईक नजरेनं बघत होती आणि पुटपुटत होती, “बोल आता. आता बोल, गाढवा. गेला हशा.”

शेवटी दातारकाकांनी माइक घेतला आणि नॅनचं नाव पुकारलं. नॅन उठली. एक कार्यकर्ती मुलगी लगबगीनं आली आणि तिच्या हातातली किटली काढून घेतली. “हँड्स फ्री ठेवा ना, प्लीज.” नॅनला वाटलं, किटली स्टेजवरच्या टेबलावर ठेवणार असतील. मलाही तेच वाटलं. ती स्टेजवर गेली ती विधवेच्या चालीनंच. मयताच्या घरात चार दिवस उभं राहून पाय सुजलेल्या, पण पाहुण्यांसमोर ते दिसू न देणाऱ्या बाईची चाल. आणि लोक हसले! नुसत्या चालण्यावर. पुढच्या रांगेतली एक म्हातारी तर पदर तोंडाला लावून हसली. मी विंगेत हातांच्या मुठी आवळून उभी होते.

आणि त्या हशावर, तो उतरायच्या आत, दातारकाकांनी तिच्या खांद्यावर शाल घातली. काळ्या पोशाखावर जरीकाठाची मरून शाल. हातात नारळ. फोटो. फोटोवाला म्हणाला, जरा इकडे, तर काकांनी तिला खांद्याला धरून वळवली. “आयुष्यभर रंगभूमीची सेवा करणाऱ्या या आयरिश कलावतीचा सत्कार करताना मंडळाला अभिमान वाटतो. वेळेअभावी आज त्यांची कला आपल्याला पाहता येणार नाही, पण पुढच्या वेळी नक्की! जेवणाची व्यवस्था कॅफेटेरियात केलेली आहे. कृपया गर्दी करू नये.” खुर्च्यांचा एकच धडधडाट झाला. मराठी माणूस जेवणाचं नाव काढल्यावर कसा उठतो ते मी सांगायला नको. नॅन नारळ धरून उभी राहिली. तिला एवढं मराठी कळत नव्हतं, पाठी कळत होत्या.

मी धावत गेले. “काका, त्यांना दहा मिनिटं द्या. आत्ता. लोकांना थांबवा.”

“अगं, सत्कार केला ना!”

“त्या सत्काराला नव्हत्या आल्या. काम करायला आल्या होत्या.”

“शाल चांगली होती. पुण्याहून मागवलीय खास.” मग त्यांनी माझ्या हाताला धरून बाजूला घेतलं आणि आवाज खाली आणला. “हे बघ सुनीता, तुला म्हणून सांगतो. दिवाळीचा दिवस. घरोघरच्या सवाष्णी नटूनथटून आल्यात. त्यांच्यासमोर पांढऱ्या केसांची विधवा, मयत, चहा... तुझी काकू म्हणाली, अशुभ दिसेल. बरं दिसतं का ते? आणि तिचा ॲक्सेंट तरी कुणाला कळला असता?”

म्हणजे वेळ होता! वेळ संत्र्यांसाठी होता, विम्यासाठी होता, घरांच्या हप्त्यांसाठी होता. साडी नेसलेला प्रशांत शुभ, आणि जन्मभर लोकांना हसवणारी बाई अशुभ. आणि हे तोंडावर सांगायची हिंमत नाही, म्हणून शाल. मी काय काय बोलले ते सगळं आठवत नाही. “लाज वाटते का?” एवढं नक्की बोलले, आणि मागे येऊन उभ्या राहिलेल्या दातारकाकू म्हणाल्या, “मोठ्यांशी बोलायची ही पद्धत?” माझ्याकडे पद्धत उरलीच नव्हती.

तेव्हापासून मला सत्कार या प्रकाराचीच चीड आहे. माणसाचं काम बघायचं नसलं की आपण त्याला शाल घालतो. शाल घातली की तो बोलू शकत नाही, हातात नारळ असला की त्याला हातवारे करता येत नाहीत. वर त्यानंच हात जोडून आभार मानायचे. गप्प करायची इतकी सभ्य रीत दुसरी नसेल.

गाडीत नॅन बराच वेळ बाहेर बघत होती. हायवेच्या दोन्ही बाजूंची झाडं निम्मी उघडी झाली होती. मी स्टिअरिंगवर हात आपटत रडत होते. ती रडली नाही. एकदाच बोलली. “पहिला हशा आला होता, सू. ऐकलास ना?” मी म्हटलं, ऐकला. “नुसत्या चालीवर आला.”  दुसऱ्या दिवशी तिनं विचारलं, या फळाचं काय करायचं असतं? मी तो नारळ मागच्या पायरीवर असा आपटला की अर्धी करवंटी शेजाऱ्याच्या आवारात जाऊन पडली.

मी मंडळाच्या सगळ्या लोकांना मोठी ई-मेल लिहिली. उत्तरं आली. व्हॉलंटिअर किती मेहनत घेतात माहीत आहे का, असं एकानं विचारलं. एकीनं ‘टेक इट ईझी यार’ म्हटलं. आणि एका महाभागानं मला लिहिलं की थोडा सेन्स ऑफ ह्यूमर ठेव. मला! नॅनच्या स्वयंपाकघरात बसणाऱ्या मला! नॅनला मी ते वाचून दाखवलं, तर ती खरोखर हसली, स्वतः कधी हसायचं नाही हा नियम मोडून.

पण ती तालीम करायची थांबली नाही. काका ‘पुढच्या वेळी’ म्हणाले होते ना. पुढची वेळ म्हणजे कधी, तिनं विचारलं. मी म्हटलं, संक्रांत असेल, जानेवारीत. मला त्यांच्या शब्दावर काडीचा भरवसा नव्हता, आणि तसं मी तिला स्पष्ट सांगितलं. ती म्हणाली, “नटानं तयार असावं. बोलावणं हा त्यांचा प्रश्न.” बाहेर पानं संपली, पहिला बर्फ पडला, वर माझ्या खोलीत मी परीक्षेचे पेपर तपासत बसायचे आणि खालून आवाज यायचा, “घ्या हो. अर्धा कप.”

डिसेंबरात, फायनल्सच्या आठवड्यात, मी लॅबमधून आले तर ती स्वयंपाकघरात जमिनीवर होती. शुद्धीत होती. माझ्याकडे बघत होती. बोलायला गेली आणि तोंडातून शब्दच आला नाही. उजवं अंग गेलं, वाचा गेली. डॉक्टर म्हणाले, कदाचित थोडी परत येईल, कदाचित नाही. मी हॉस्पिटलच्या कॉरिडॉरमध्ये उभी राहून पहिला विचार केला तो हा, की आता ती ते कधीच म्हणू शकणार नाही. आणि दुसरा विचार दातारकाकांचा. तो इथं लिहिण्यासारखा नाही.

जानेवारीत तिला एका नर्सिंग होममध्ये हलवलं. खोलीत हीटरची कोरडी ऊब, जंतुनाशकाचा आणि उकडलेल्या भाज्यांचा वास, खिडकीबाहेर साचलेला मळका बर्फ. मी रोज संध्याकाळी जायचे. नॅन बघायची, ऐकायची, पण तिचा तो चेहरा आता अर्धाच तिचं ऐकत होता. संक्रांतीच्या सुमारास एका रविवारी दातारकाका आणि काकू आले. हातात फुलं, प्लॅस्टिकच्या डब्यात तिळाचे लाडू. कुणीतरी त्यांना बातमी दिली असावी. मी उठून गेले असते, पण नॅनला त्यांच्यासोबत एकटी कशी सोडू?

काका खाटेजवळच्या खुर्चीवर बसले, घसा खाकरला आणि इंग्रजीत बोलायला लागले, माइक नसला तरी माइकच्याच आवाजात. “आमच्या मंडळाला तुमच्याविषयी फार आदर आहे.” नॅननं त्यांच्याकडे पाहिलं. सभ्यपणे मान डोलवली. आणि तिचा डावा हात पांघरुणातून बाहेर आला, मूठ वळलेली.

“तुमचा कार्यक्रम बघायची आमची सगळ्यांची फार इच्छा होती.” हात थोडा वर गेला.



“कलावंतांची कदर करणं ही आपल्या संस्कृतीतच आहे,” काका काकूंकडे बघून म्हणाले, आणि काकूंनी मान हलवली. हात आणखी वर. मनगट हळूच वाकलं. किटली नव्हती, चहा नव्हता, पण धार पडत होती. मला ती दिसत होती. चेहऱ्याची एक बाजू लुळी, आणि दुसरी अशी सभ्य, अशी दुःखी, अशी पाहुण्यांना जपणारी, की तिनं अख्खी विधवा त्या अर्ध्या चेहऱ्यात उभी केली होती. दाराशी आलेली नर्स ट्रे घेऊन तिथंच थबकली.

“बिचाऱ्या हात वर करून आशीर्वाद देतायत,” काकू मराठीत म्हणाल्या आणि त्यांनी नमस्कार केला.

“आणि त्या दिवशी,” काका म्हणाले, “खरंच, वेळच नव्हता हो.”

हात डोक्याच्याही वर गेला, थरथरत, खांदा उशीवरून उचलला गेला, आणि तिथं ती थांबली. थांबली. नर्सच्या हातातला ट्रे खडखडायला लागला, कारण ती हसत होती, आणि मग मी फुटले. भिंतीला धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत, मोठ्यानं हसले. नॅननं माझ्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. आमचा हशा उतरू लागला तशी तिनं काकांकडे परत मान डोलवली, पुढं बोला म्हणून.

“हसायला काय झालं एवढं?” काका लाल झाले. “आजारी माणसाच्या खोलीत? चल गं, निघू आपण. आम्हाला अजून एका ठिकाणी जायचंय.” ते कोटाकडे हात नेत अर्धे उठले.

मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि त्यांना परत खुर्चीत दाबलं.

“बसा काका,” मी म्हटलं. “अजून संपलेलं नाही.”